रद्द केलेला तास कोणाचा? कालप्रत्यावर्तन विधेयकाच्या चिकित्सा समितीस खुले पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष व सन्माननीय सदस्य,
कालप्रत्यावर्तन (नियमन) विधेयक, संयुक्त चिकित्सा समिती

सविनय सादर,

काळ काही तास मागे नेणाऱ्या यंत्रांच्या वापराचे नियमन करू पाहणाऱ्या या विधेयकाचा मसुदा हरकती व सूचनांसाठी प्रसिद्ध झाल्यापासून त्यावर पुष्कळ लिहिले-बोलले गेले आहे. परंतु त्यातली बहुतेक चर्चा परवाना कोणाला मिळावा, शुल्क किती असावे आणि यंत्रे खासगी हातांत द्यावीत की नाहीत, एवढ्यातच अडकून पडली आहे. या प्रश्नांवर माझ्याहून जाणकार माणसे आपल्यासमोर साक्ष देतील. माझी हरकत कलम ९ मधल्या एका वाक्याला आणि त्या वाक्याच्या आधारावर उभ्या केलेल्या काही तरतुदींना आहे. माझी सगळी नोकरी जन्म-मृत्यू नोंदणी कार्यालयात झाली. ते कार्यालय यंत्रांच्या परिघाबाहेर असल्यामुळे परिघातल्या माणसांना जे आठवत नसे ते आमच्या वह्यांत शाईने लिहिलेले राहत असे, आणि म्हणून या विषयावर चार शब्द लिहिण्याचा मला अधिकार आहे असे मी समजतो.

प्रत्यावर्तनावर सरसकट बंदी घाला असे माझे म्हणणे नाही. आज यंत्र ज्याच्या ताब्यात, काळही त्याच्याच ताब्यात अशी स्थिती आहे. ‘काल दुपार उसवली’ (म्हणजे यंत्राने मागे नेऊन रद्द केली) हे वाक्य लोक आता हवापाण्याच्या गप्पांइतक्या सहजपणे बोलतात, आणि कोणी उसवली, कशासाठी उसवली, हे विचारायला कुठलेही दार नाही. कायदा हवाच आहे. प्रश्न एवढाच आहे की तो कोणाच्या बाजूने उभा राहणार: यंत्राच्या कक्षात बसलेल्याच्या, की परिघात सापडलेल्यांच्या.

ज्यांचा या यंत्रांशी संबंध आला नाही अशा वाचकांसाठी थोडक्यात सांगतो. यंत्र चालवले की ठरलेल्या परिघातली प्रत्येक वस्तू आणि प्रत्येक माणूस काही तासांपूर्वीच्या स्थितीत परत जातो. मसुद्यात याची कमाल मर्यादा सहा तास ठेवली आहे. परिघाबाहेरचे जग मात्र थांबत नाही. यंत्रकक्षात बसलेल्या चालकाला दोन्ही वेळचे आठवते, इतर कोणालाच आठवत नाही. परिघातल्या लोकांना आपले घड्याळ बाहेरच्या घड्याळांच्या मागे पडलेले दिसते आणि त्यावरून मधले काही तास गेले एवढेच कळते. त्या तासांत काय घडले होते, हे चालकाच्या डोक्यात आणि तोवर परिघाबाहेर पोहोचलेल्या संदेशांत व नोंदींत तेवढे शिल्लक राहते.

आता कलम ९(१) पाहावे. “प्रत्यावर्तनाने रद्द झालेला कालखंड आणि त्यात घडलेली प्रत्येक घटना ही कोणत्याही प्रयोजनासाठी घडलीच नव्हती असे मानण्यात येईल.” अशा मानीव तरतुदी कायद्याला नवीन नाहीत. कंपनी ही व्यक्ती आहे असे कायदा मानतो. दत्तक घेतलेले मूल घेणाऱ्यांच्याच पोटी जन्मले असे मानतो. वर्षानुवर्षे ज्याची काही खबर नाही तो माणूस मेला असे अनेक देशांतले कायदे गृहीत धरतात. पण या प्रत्येक ठिकाणी मानण्याला एक प्रयोजन असते आणि त्या प्रयोजनापुरतेच ते मानले जाते. दत्तक गेलेल्या मुलाचा वारसाहक्क नव्या घराशी जोडला जातो, तरी रक्ताच्या भावंडांशी विवाह करण्याची मनाई उठत नाही. बेपत्ता माणूस दारात येऊन उभा राहिला, तर तू मेला आहेस असे त्याला कोणी सांगत नाही (निदान सांगू नये, कार्यालयांचा अनुभव असलेल्यांना मी हे कंसात का लिहिले ते कळेल). कलम ९ ने ही मर्यादाच काढून टाकली आहे. दोनदा झालेला एकच व्यवहार दोनदा वसूल होऊ नये, हा मसुदाकारांचा हेतू रास्त आहे. त्यासाठी सगळे सत्यच रद्द करण्याची गरज नव्हती.

याचा परिणाम काय होतो ते वहीच्या एका पानावरून सांगतो. कोणाची ओळख पटू नये म्हणून तारीख आणि ठिकाण देत नाही. एका गोदामाला आग लागली, माणसे आत अडकली, आणि यंत्र चालवून परिसर तीन तास मागे नेण्यात आला. अडकलेली माणसे वाचली. ती वाचायलाच हवी होती, याबद्दल माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. त्याच परिघात एक प्रसूतिगृह होते. रद्द झालेल्या तासांत तिथून आमच्याकडे एक जन्म कळवला गेला होता: मुलगी, वजन दोन किलो आठशे ग्रॅम, प्रसूती नैसर्गिक. तेच तास पुन्हा घडले तेव्हा त्याच आईच्या नावापुढे मृत जन्माची नोंद आली. दुसऱ्या वेळी आगीची आगाऊ सूचना असल्याने सगळा परिसर घाईने रिकामा केला जात होता. कारण ती धावपळ होती की आणखी काही, हे मी सांगू शकत नाही. पानावर दोन ओळी एकीखाली एक होत्या आणि वरच्या ओळीवर ‘घडले नाही’ असा जांभळा शिक्का होता. शिक्क्याची शाई पातळ असल्याने खालचे अक्षर वाचता येत होते.

काही दिवसांनी ती बाई नक्कल मागायला आली. तीन तास गेले हे तिला घड्याळाने सांगितले होते, आणि त्या तीन तासांत काय झाले एवढेच तिला हवे होते. त्या वेळी याबाबत कोणतीही नियमावली नव्हती. नियमात मनाई नसल्याचा शेरा अर्जावर मारून मी तिला दोन्ही ओळींची प्रमाणित नक्कल दिली, आणि आजही तेच करीन. मसुद्याच्या कलम १९ नुसार ही कृती ‘रद्द घटनेचे प्रकटन’ ठरते आणि तिला दोन वर्षांपर्यंत कैदेची शिक्षा आहे. ज्या घटना घडल्याच नव्हत्या असे कायदा म्हणतो, त्या सांगितल्याबद्दल शिक्षा करण्याची वेळ त्याच कायद्यावर यावी, यातली विसंगती मसुदा तपासणाऱ्यांपैकी कोणाच्याच लक्षात आली नसेल असे मला वाटत नाही.

नोंदवह्यांची एक जुनी शिस्त आहे. चूक झाली तर खाडाखोड करायची नाही. चुकीच्या मजकुरावर एकच आडवी रेघ मारायची, तो वाचता येईल असा ठेवायचा, बरोबर मजकूर शेजारी लिहायचा आणि तारखेसह सही करायची. हिशेबनिसांपासून प्रयोगशाळेतल्या संशोधकांपर्यंत सगळे ती पाळतात, कारण दुरुस्ती खरी आहे हे सिद्ध करायला मूळ मजकूर लागतो. मूळच नष्ट केले तर दुरुस्ती आणि बनवाबनवी यांत फरक करण्याचे साधन उरत नाही. प्रत्यावर्तन ही दुरुस्ती असेल, तर तिलाही हीच शिस्त लागू व्हायला हवी.

कलम १७ त्याहूनही पुढे जाते. “जनतेत अनावश्यक संभ्रम पसरू नये म्हणून” प्रत्यावर्तनानंतर परिघातली सर्व घड्याळे आपोआप बाहेरच्या प्रमाणवेळेशी जुळवली जातील, अशी ती तरतूद आहे. वरवर पाहता ही सोय वाटते. पण मागे पडलेले घड्याळ हाच परिघातल्या माणसाजवळचा एकमेव पुरावा आहे, आणि तो त्याच्या मनगटावरून परस्पर काढून घेण्याची ही व्यवस्था आहे. संभ्रम खरोखरच टाळायचा असेल, तर किती वाजल्यापासून किती वाजेपर्यंतचा काळ रद्द झाला हे जाहीर करणे हा सरळ उपाय होता.

या कलमामागे एक चुकीची समजूत आहे आणि ती व्याख्येच्या कलमातच शिरली आहे. कलम २ म्हणते, “काळ म्हणजे राज्याची प्रमाणवेळ.” म्हणजे दोन घड्याळांत फरक पडला, तर त्यातले एक चूक. विज्ञानाने ही समजूत केव्हाच मागे टाकली आहे. १९७१ साली जोसेफ हाफेले आणि रिचर्ड कीटिंग यांनी सीझियमची अणुघड्याळे प्रवासी विमानांतून एकदा पूर्वेकडे आणि एकदा पश्चिमेकडे अशी पृथ्वीभोवती फिरवून आणली. जमिनीवरच्या घड्याळांच्या तुलनेत पूर्वेला गेलेली घड्याळे सुमारे ५९ नॅनोसेकंद मागे पडली आणि पश्चिमेला गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. यातले कोणतेही घड्याळ बिघडलेले नव्हते. ज्याने जो प्रवास केला त्या प्रवासात गेलेला काळ त्याने बरोबर मोजला होता. १९६७ पासून सेकंदाची व्याख्याच सीझियम-१३३ या अणूच्या प्रारणाच्या ९,१९,२६,३१,७७० आवर्तनांनी केली जाते, आणि ही आवर्तने मोजली जातात ती त्या अणूपाशी. राज्याच्या मुख्यालयातले घड्याळ त्यात कुठेच येत नाही.

यावर असे म्हटले जाईल की घड्याळे जुळवावी तर लागतातच. जरूर लागतात. दिशादर्शक उपग्रहांमधली घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. हा फरक तसाच सोडला तर ठिकाण सांगण्यात दिवसाकाठी कित्येक किलोमीटरची चूक साचत जाईल. म्हणून प्रक्षेपणापूर्वीच त्या घड्याळांचा वेग किंचित कमी ठेवला जातो. पण ही दुरुस्ती किती आणि का केली आहे, हे जाहीर तांत्रिक दस्तऐवजांत छापलेले आहे आणि कोणालाही पडताळून पाहता येते. घड्याळ जुळवताना फरकाचा हिशेब ठेवणे आणि घड्याळ जुळवून फरक दडवणे, या दोन निराळ्या गोष्टी आहेत. कलम १७ मध्ये हिशेबाचा उल्लेखही नाही.

वेतनाकडे वळतो. कलम १२ नुसार रद्द कालखंडासाठी कोणतेही वेतन वा भरपाई देय होणार नाही, कारण शरीर पूर्वस्थितीला गेल्यामुळे श्रम झालेच नाहीत असे मानले आहे. कामगाराचे स्नायू पूर्वस्थितीला गेले हे खरे. पण पाळी संपवून तो परिघाबाहेरच्या घरी पोहोचला तेव्हा त्याच्या मुलांच्या दृष्टीने तो पाच तास उशिरा आला होता. त्या पाच तासांत मुलांना सांभाळायला कोणीतरी थांबले होते, आजाऱ्याचे औषध चुकले होते, शेवटची गाडी निघून गेली होती. त्याच्या आयुष्यातले हे तास बाहेरच्या जगाच्या हिशेबात खर्च झाले आणि मालकाच्या हिशेबात ते शून्य ठरले. उत्पादनातला दोष सुधारण्यासाठी कारखानदार दिवसातून दोनदा यंत्र चालवू लागले, तर आठ तासांची पाळी बाहेरून वीस तासांची होईल आणि कायदा तिला आठच म्हणेल.

याबाबतीत आपल्या आधी काळाशी खेळणारे कायदेमंडळ अधिक सावध होते. १७५२ साली ब्रिटनने जुनी दिनदर्शिका सोडून ग्रेगोरियन दिनदर्शिका स्वीकारली तेव्हा २ सप्टेंबरच्या दुसऱ्या दिवशी १४ सप्टेंबर उजाडला. अकरा दिवस परत द्या म्हणून लोकांनी दंगली केल्या, अशी एक गोष्ट त्यावर नेहमी सांगितली जाते. इतिहासकार आता ती खरी मानत नाहीत. मला त्या दंगलीपेक्षा त्या कायद्यातली एक रुक्ष तरतूद महत्त्वाची वाटते. दिनदर्शिका बदलल्यामुळे कोणाचेही भाडे वा देणे अकरा दिवस आधी वसूल होणार नाही, कोणी अकरा दिवस आधी सज्ञान होणार नाही आणि शिकाऊ उमेदवारीच्या करारांची मुदतही आधी संपणार नाही, असे त्यात स्पष्ट लिहिले होते. म्हणजे कागदावरच्या तारखा उडी मारत असतानाही माणसांनी प्रत्यक्ष जगलेले दिवस मोजले गेले. सामोआने २०११ साली आंतरराष्ट्रीय वाररेषेच्या पलीकडे जाताना ३० डिसेंबर हा अख्खा शुक्रवार गाळला, तेव्हाही त्या न उजाडलेल्या दिवसाचा पगार कामगारांना मिळावा अशी व्यवस्था तिथल्या सरकारने केली. जो दिवस कोणी जगलेच नाही त्याचा पगार मिळू शकतो, तर जो खरोखर जगून झाला त्याचा का मिळू नये, याचे उत्तर कलम १२ च्या समर्थकांनी द्यावे.

परंतु या विधेयकातले सर्वांत धोकादायक कलम २२ आहे आणि त्याच्यावर मला सर्वांत कमी चर्चा झालेली दिसते. तपास यंत्रणांना “सत्यशोधनासाठी” चौकशी कक्षापुरता मर्यादित परिघ ठेवून प्रत्यावर्तन करता येईल, असे ते म्हणते. परिघ लहान, बाधित व्यक्ती एकच, म्हणून पूर्वपरवानगीचीही अट नाही. आता प्रत्यक्षात काय होईल ते डोळ्यांसमोर आणावे. संशयिताला खोलीत आणले जाते. तू गप्प राहू शकतोस, असे त्याला सांगितले जाते आणि तो गप्प राहतो. तास उसवला जातो. दुसऱ्यांदा चौकशी अधिकारी त्याच्याशी गोड बोलतो. तो तरीही गप्प. पुन्हा उसवले जाते. तिसऱ्यांदा त्याच्या भावाने सगळे कबूल केले आहे अशी थाप मारली जाते आणि तो चिडून काहीतरी बोलतो; मग तो शब्द धरून पुढच्या फेरीत त्याच जागी बोट ठेवले जाते. चालक बाहेर बसून प्रत्येक फेरीतून शिकत असतो, संशयित मात्र प्रत्येक वेळी पहिल्यांदाच त्या खोलीत आलेला असतो. कधीतरी तो कोसळतो. न्यायालयासमोर जाते ती फक्त ती शेवटची फेरी: माणूस आत आला, त्याला हक्क समजावले, आणि पहिल्याच तासात त्याने स्वेच्छेने जबाब दिला. कलम ९ प्रमाणे आधीच्या फेऱ्या घडलेल्याच नाहीत, म्हणून बचाव पक्षाच्या वकिलाला त्यांच्याबद्दल प्रश्नही विचारता येणार नाही.

यात मारहाणीचा मी मुद्दाम उल्लेख केला नाही. ती झाली असली तरी अंगावर वळ उरणार नाहीत, हे समितीला वेगळे सांगायला नको. छळाविरुद्धचे सगळे कायदे खुणा, साक्षीदार आणि वैद्यकीय अहवाल यांवर उभे आहेत, आणि कलम २२ या तिन्ही गोष्टी एकाच वेळी नाहीशा करण्याचे साधन सरकारी खर्चाने पुरवते. माझ्या मते हे कलम दुरुस्त होण्यासारखे नाही; ते वगळावे.

लिलाव, नोकरीच्या मुलाखती, व्यापारी सौदे यांतही हीच युक्ती चालेल, फक्त तिथे नुकसान पैशांचे असेल. त्यावर अर्थशास्त्राचे जाणकार बोलतील.

पूर्वसूचनेबाबत थोडेच लिहितो. कलम १४ मध्ये नियोजित प्रत्यावर्तनासाठीही केवळ एक तास आधी सूचना देणे पुरेसे मानले आहे. पृथ्वीचे परिवलन आणि अणुघड्याळे यांचा मेळ घालण्यासाठी जगाच्या प्रमाणवेळेत १९७२ पासून २०१६ अखेर २७ वेळा एकेक लीप सेकंद मिळवला गेला, आणि त्यातल्या प्रत्येक सेकंदाची घोषणा कित्येक महिने आधी होत असे. एका सेकंदासाठी लोकांना एवढा अवधी दिला जात असेल, तर सहा तासांसाठी एक तास हे प्रमाण कोणी आणि कसे ठरवले, याचे टिपण विधेयकाच्या उद्देश व कारणांच्या निवेदनात सापडत नाही. आग, अपघात, पूर यांसारख्या प्रसंगी पूर्वसूचना शक्य नसते हे उघड आहे; तिथे नंतरची सूचना, कारणांसह, सक्तीची करता येईल.

माझी समितीला विनंती आहे की कलम ९(१) च्या जागी पुढील मजकूर घालण्याचा विचार व्हावा: “प्रत्यावर्तनाने रद्द झालेल्या कालखंडातील करार, देणी व हस्तांतरणे यांची अंमलबजावणी केली जाणार नाही; परंतु, त्या कालखंडातील घटनांची परिघाबाहेर झालेली प्रत्येक नोंद आणि चालकाने शपथेवर दिलेला वृत्तांत जतन केला जाईल, बाधित व्यक्तीस स्वतःपुरती त्याची नक्कल मागण्याचा हक्क असेल, आणि त्या कालखंडातील अपराध, इजा व श्रम यांबाबतच्या दायित्वास या कलमामुळे बाध येणार नाही.” या परंतुकानंतर कलम १२ आणि १९ ची गरजच उरत नाही. कलम १७ मध्ये घड्याळे जुळवण्यापूर्वी फरकाची नोंद प्रत्येक बाधित व्यक्तीला लेखी देण्याची अट घालावी, आणि कलम २ मध्ये काळाची व्याख्या करताना परिघातला व परिघाबाहेरचा असे दोन्ही काळ मोजले जातील असे म्हणावे.

चालकाच्या वृत्तांताची अट अनेकांना जाचक वाटेल. खोटा वृत्तांत देणाऱ्याला पकडणार कसे, असा प्रश्न मला विचारलाही गेला आहे. पूर्णपणे पकडता येणार नाही. पण एकटा चालक आणि परिघाबाहेरच्या वह्या यांची रुजवात घालता येते, आणि तफावत सापडण्याची भीती हीच पुष्कळ ठिकाणी पुरेशी ठरते. त्यासाठी नोंदणी कार्यालये परिघाबाहेर ठेवण्याची सध्याची रूढ पद्धत कायद्यात आणावी. मसुद्यात तिचा उल्लेखही नाही, आणि खर्च वाचवण्यासाठी ही कार्यालये शहरात हलवण्याचा प्रस्ताव विचाराधीन असल्याचे ऐकतो. तो प्रस्ताव विधेयकावरील निर्णय होईपर्यंत स्थगित ठेवण्याची शिफारस समितीने करावी.

तोंडी साक्षीसाठी मला बोलावल्यास मी हजर राहीन. माझ्या वेळच्या नोंदवह्या आता अभिलेखागारात आहेत. समितीने त्या मागवून घ्याव्यात आणि ‘घडले नाही’ असा शिक्का असलेली पाने सदस्यांनी स्वतः पाहावीत. कलम १९ लागू झाल्यानंतर ती पाहता येणार नाहीत.

आपला विश्वासू,
एक निवृत्त नोंदणी अधिकारी